लाल गुरांचा मुलूख

नांदेडहून लातूरच्या रस्त्याला लागलं की तासाभराच्या आत लोहा येतं. खत-बियाण्यांची दुकानं, सोयाबीनच्या पोत्यांची थप्पी, स्टँडवरची गर्दी. वाटसरू एवढंच पाहतो आणि पुढे जातो. लोहा ओळखायचं असेल तर मार्गशीर्ष वद्य चतुर्दशीला याच रस्त्याने आणखी पुढे जावं आणि माळेगावला उतरावं. खंडोबाच्या यात्रेला अख्खा तालुका त्या माळावर उतरलेला असतो.

देवस्वारी निघते, भंडारा उधळतो, यळकोटाचा गजर होतो. धनगर, हटकर, लिंगायत, मराठा, बंजारा, मातंग, सगळ्यांची या देवाशी आपापली नाती आहेत. एकीकडे वाघ्या-मुरळी, एकीकडे घोडेवाल्यांचा तळ, पलीकडे गाढवांचा बाजार. तिथे वडार, बेलदार, कुंभार, कैकाडी. भटक्या जमातींच्या पंचायती इथेच बसत, सोयरिकी जुळत, तंटे तुटत. वर्षभर पांगलेल्या माणसांना भेटायला एक ठिकाण लागतं, ते त्यांना या माळावर मिळालं. पेपरात फोटो येतात ते लावणी महोत्सवाचे. माझा पाय मात्र गुरांच्या दावणीपाशीच थबकतो.

लोहा पूर्वी कंधार तालुक्यातच होतं आणि लाल कंधारी या गुरांच्या जातीचं मूळ घरही हेच. गडद लाल अंग, वळूचा रंग आणखी काळपट. रुंद कपाळ, लोंबते कान, डोळ्यांभोवती काळं कडं. शेजारच्या लातूरची देवणी पांढऱ्या अंगावर काळे ठिपके मिरवते, ही एकरंगी. गिऱ्हाईक आधी लांबून चाल बघतं. मग जवळ येऊन जबडा उघडतं: अदत, दोन दाती, चार दाती, सहा दाती, जुळलेला. वशिंडावरून, पाठीवरून हात फिरतो. भाव मात्र तोंडातून निघत नाही. रुमालाखाली दोघांचे हात जातात, बोटं दाबली जातात, आणि चेहऱ्यावरची रेषही हलत नाही. आता हे कमी झालंय. मोबाइलवर फोटो आधीच फिरलेला असतो.

ही गाय दुधाला बेताची. डेअरीच्या हिशेबात ती बसत नाही, आणि तिची खरी अडचण तीच आहे. तिची किंमत कामात होती: मराठवाड्याचं ऊन, दुष्काळातला उणा चारा सोसून औत ओढणारं जनावर. आता नांगरट ट्रॅक्टर करतो. तरी उभ्या कापसातल्या कोळपणीला बैलच लागतो, म्हणून गोठ्यात एक जोडी अजून टिकून आहे. त्यात 2022 साली गुरांवर लम्पी रोग आला, राज्यभर जनावरांचे बाजार बंद ठेवावे लागले. ज्याच्याकडे दोनच गुरं, त्याचं ते वर्ष कसं गेलं असेल! या जातीसाठी प्रदर्शनातल्या बक्षिसापेक्षा घरात वळू सांभाळणाऱ्याला वर्षभराचा चारा दिला तर जास्त उपयोग होईल, असं मला मनापासून वाटतं.

आणखी एक गोष्ट जिवाला लागते. यात्रेच्या दिवसांत तांड्या-वाड्यांवरच्या कितीतरी घरांना कुलूप असतं. दिवाळी सरली की ऊसतोडीला गेलेली माणसं उन्हाळ्याच्या तोंडी परततात. देव त्यांचाही, पण यात्रेला ती फडात असतात. गाडीला जुंपलेले त्यांचे बैलही तिकडेच.

यात्रेला लागूनच अमावस्या येते, आमची येळवस. शेतात कडब्याची कोप उभी राहते. भज्जी, आंबील, उंडे घेऊन घरदार रानात जातं, वाटेने जाणाऱ्यालाही हाक मारून जेवू घालतं. त्यामुळे बऱ्याच जणांना व्यवहार उरकून परतायची घाई असते.

सौदा झालेल्या गोऱ्ह्याच्या गळ्यातलं जुनं दावं म्हातारा मालक सोडून घेतो. नवा धनी आपला नवा कासरा बांधतो. गोऱ्हं दोन पावलं मागे सरतं, मान वळवतं. म्हातारा त्याच्या कपाळाला भंडारा लावतो, आणि ते दावं गुंडाळून पिशवीत ठेवतो.