एकाच शिवारातली दोन पिकं

नाशिक जिल्ह्यातल्या निफाड, दिंडोरी, चांदवड या तालुक्यांतून जाताना रस्त्याच्या एका अंगाला द्राक्षाचा मांडव लागतो आणि दुसऱ्या अंगाला कांद्याचं वावर. पुष्कळदा दोन्हींचा मालक एकच, विहीर एकच, मजूरही तेच. तरीही गेल्या तीस-पस्तीस वर्षांत या दोन पिकांचं नशीब इतकं वेगळं घडत गेलं, की खुला बाजार माणसाला काय शिकवतो हे कुणाला समजून घ्यायचं असेल, तर मी त्याला आधी या बांधावर आणून उभं करीन.

द्राक्षवाल्याच्या अंगातली खटपट १९९१ ची नाही, ती त्याच्या खूप आधीची आहे. तासगाव तालुक्यातल्या बोरगावच्या वसंतराव आर्वे यांना थॉमसन वाणाच्या बागेत एक वेल निराळी दिसली. त्यांनी ती जोपासली, तिच्या काड्या वाढवल्या आणि त्यातून ‘तास-ए-गणेश’ हा वाण महाराष्ट्रभर पसरला. सोलापूरजवळच्या नान्नजला नानासाहेब काळे यांनी ‘सोनाका’ असाच हेरून काढला, काळी ‘शरद सीडलेस’ही त्याच गावची. ही दोन्ही माणसं प्रयोगशाळेतली नव्हती. रोज बागेत फिरणाऱ्या नजरेनं लावलेले हे शोध आहेत. पण एवढं करून माल जायचा कुठं? मुंबईच्या आडतीवर, नाहीतर कलकत्ता-दिल्लीला, आणि थोडाफार आखाती देशांत. लाकडी पेटीत भरलेला माल ट्रकमध्ये चढला की त्याचा भाव ठरवणं आपल्या हातात उरत नसे. पट्टी येईल ती घ्यायची.

१९९१ च्या जुलैत पहिल्या तीन दिवसांत रुपयाचं दोनदा अवमूल्यन झालं, आणि २४ जुलैला नवं औद्योगिक धोरण आलं. त्या दिवसाबद्दल आपल्याकडे कारखान्यांच्या, मोटारींच्या, सॉफ्टवेअरच्या अंगानं पुष्कळ लिहिलं गेलं. शेतीच्या अंगानं कमी. खरं तर त्या धोरणात शेतीसाठी फारसं काही नव्हतंच. पण रुपया स्वस्त झाल्यानं परदेशात विकलेल्या मालाचे इथे जास्त रुपये होऊ लागले, आणि ज्याच्याकडे विकण्याजोगं काही होतं त्याला बंदराची वाट खुणावू लागली. त्याच वर्षी पणन मंडळाच्या मदतीनं बागाईतदारांच्या सहकारी संस्थांनी मिळून पुण्यात ‘महाग्रेप्स’ उभी केली.

सुरुवात सोपी नव्हती. युरोपात द्राक्ष पाठवायची म्हणजे तोडलेला घड काही तासांत शून्य-एक अंश तापमानाला आणायचा आणि तिथल्या दुकानात पोहोचेपर्यंत ती थंडी तुटू द्यायची नाही. आपल्याकडे त्या वेळी ना प्रीकूलिंग, ना शीतगृह, ना तसं पॅकिंग. सुरुवातीच्या काही खेपा खराब झाल्या, नाकारल्या गेल्या. पण नकार आला तो कारणासकट आला. मणी लहान आहेत, देठ सुकलेत, डबा दबलाय, थंडी तुटलीय. मुंबईच्या आडत्यानं कधी एवढं सांगितलं नव्हतं. पट्टीत नुसता आकडा असतो, कारण नसतं. माझ्या मते इथूनच सारं बदललं. पैशाहून मोठी गोष्ट बागाईतदाराला मिळाली होती: चूक नेमकी कुठं झाली हे सांगणारं गिऱ्हाईक.

ते गिऱ्हाईक काय मागतं हे बघायचं तर फेब्रुवारीत एखाद्या पॅकहाउसमध्ये जावं. बाहेर ऊन तापलेलं असतं, आत मात्र थंडी. पांढऱ्या टोप्या, हातमोजे घातलेल्या बायका लांब टेबलांशी उभ्या. प्रत्येकीच्या हातात बारीक कात्री. घड देठाला धरून उचलायचा, मण्यांना हात लावायचा नाही, कारण मण्यावरची पांढुरकी लव पुसली गेली की माल शिळा दिसतो. तडकलेला, डागी, बारका मणी आतल्या आत कातरून काढायचा. शेजारी वेगवेगळ्या मापांच्या गोल कड्या असतात. अठरा मिलिमीटरच्या कडीतून मणी सहज निसटला, तर तो घड युरोपच्या त्या प्रतीचा नाही. मग अर्धा किलोच्या पनेटमध्ये घड मांडायचे, वर गंधकाचा कागद टाकायचा आणि डब्यावर कोडची चिठ्ठी चिकटवायची.

अठरा मिलिमीटर हा आकडा ऐकायला साधा वाटतो. पण तो गाठण्यासाठी ऑक्टोबरच्या गोडी छाटणीपासून हिशेब सुरू होतो. एका वेलीवर किती घड राखायचे, एका घडात किती मणी ठेवून बाकीची विरळणी करायची, जीए या संजीवकाची बुडवणी कोणत्या दिवशी, किती पीपीएमनं, गर्डलिंग, म्हणजे सालीचं कडं काढणं, कधी. पूर्वी झाडावर जितका जास्त माल, तितका बागाईतदार हुशार समजला जायचा. निर्यातीनं ही कल्पनाच उलटी केली आणि घड कमी ठेवणारा शहाणा ठरला. आपल्या हातांनी आपलंच पीक कातरून खाली पाडायला किती धीर लागतो, हे ज्यानं विरळणी केली आहे त्यालाच कळेल. आधी एकानं केलं, दुसऱ्या वर्षी शेजाऱ्यानं बघून केलं. बागाईतदार संघाच्या चर्चासत्रांत रात्री उशिरापर्यंत वह्या काढून लोक एकमेकांचे प्रयोग उतरवून घेऊ लागले. एका गावात लागलेला शोध हंगाम संपायच्या आत जिल्हाभर होऊ लागला. पुण्याजवळ मांजरीला द्राक्षाचं राष्ट्रीय संशोधन केंद्र १९९७ मध्ये आलं, तेव्हा तिथल्या शास्त्रज्ञांना प्रश्न विचारणारे शेतकरी आधीच तयार होते.

२००३ मध्ये नेदरलँड्समध्ये आपल्या द्राक्षांत कीटकनाशकांचे अंश सापडले. बाजार हातचा जातो की काय अशी स्थिती आली. त्यातून शेतमालाच्या निर्यातीचं काम पाहणाऱ्या अपेडा या सरकारी संस्थेनं अंशतपासणीची पद्धत बसवली आणि २००६ मध्ये ‘ग्रेपनेट’ आलं. प्रत्येक बागेची नोंदणी, प्रत्येक प्लॉटला कोड, तोडणीआधी नमुना प्रयोगशाळेत, आणि लंडनच्या दुकानातल्या डब्यापासून दिंडोरीच्या प्लॉटपर्यंत माग काढता येईल अशी सोय. देशात फळांसाठी असं पहिल्यांदाच झालं. पुढे त्याच धर्तीवर अनारनेट, मँगोनेट आले. बाजार खुला झाला की सरकारचं काम संपतं असं मानणाऱ्यांनी हे नीट पाहावं. प्रयोगशाळा आणि नोंदणी सरकारनंच उभी केली, आणि ती नसती तर हे दार केव्हाच बंद झालं असतं.

आणि तरीही २०१० आलं. वेलीची वाढ आवरून काडीत घड धरावेत म्हणून खरड छाटणीनंतर उन्हाळ्यात बागाईतदार सीसीसी नावाचं संजीवक वापरत. ‘लिहोसीन’ म्हणून ते सगळ्यांना ठाऊक. आपल्या तपासणीच्या यादीत ते नव्हतंच. युरोपची मर्यादा किलोमागे ०.०५ मिलिग्रॅम. मे महिन्यात मारलेलं औषध पुढच्या वसंतात तिकडच्या प्रयोगशाळेत दिसलं, आणि कंटेनर बंदरांत अडकले. निर्यातदार बुडाले, त्यांच्याकडे माल दिलेले शेतकरी बुडाले. त्या वर्षी नाशिक जिल्ह्यात घराघरांतून जे वातावरण होतं ते आठवलं तरी अजून पोटात कालवतं. कुणी फसवलं नव्हतं, कुणी मुद्दाम लपवलं नव्हतं, तरी वर्षाचा घाम वाया गेला.

पुढच्या हंगामात काय झालं? सीसीसी यादीत आलं. तपासायच्या रसायनांची यादी लांबली. शेतकऱ्यांनी वेलीची वाढ पाण्यानं, शेंडे खुडून, खतांचा मेळ घालून आवरायला सुरुवात केली. फवारणी ते काढणीतलं अंतर, म्हणजे पीएचआय, हा शब्द शाळा सोडलेल्या माणसाच्याही तोंडी बसला. आणि द्राक्ष पुन्हा गेली. एवढा मोठा फटका बसूनही वाट चालू राहिली, म्हणून चुकीचं रूपांतर ज्ञानात होऊ शकलं. तिथेच बंदी लागली असती तर ते फक्त नुकसान म्हणून राहिलं असतं.

आता बांधाच्या पलीकडे कांद्याकडे येऊ.

कांदाही आपण पूर्वीपासून परदेशी पाठवतो. पण ती निर्यात वर्षानुवर्षं नाफेडसारख्या संस्थांच्या हाती होती आणि तिच्यावरचा सरकारचा हात कधी पुरता निघालाच नाही. २०१९ च्या सप्टेंबरात बंदी, २०२० च्या मार्चमध्ये उठली. त्याच वर्षी सप्टेंबरात पुन्हा बंदी, २०२१ च्या एक जानेवारीला उठली. २०२३ च्या ऑगस्टमध्ये चाळीस टक्के निर्यातशुल्क, लासलगावला लिलाव बंद. डिसेंबरात पुन्हा बंदी, ती उठायला २०२४ चा मे उजाडला, तेही किमान निर्यातमूल्य आणि शुल्क ठेवून. शुल्क पुरतं गेलं ते २०२५ च्या एप्रिलमध्ये.

दरवेळी ढाक्याचा, कोलंबोचा, दुबईचा व्यापारी काय करतो? तो पाकिस्तानकडे, चीनकडे, इजिप्तकडे वळतो. पुढच्या वर्षी आपण परत गेलो तरी आपल्या शब्दावर तो पूर्वीसारखा विसंबत नाही. आणि इकडे शेतकरी? राजगुरुनगरच्या कांदा संशोधन केंद्रानं चांगले, टिकाऊ वाण काढले, कांदाचाळी सुधारल्या. हे काम मोलाचंच आहे. पण एकाच आकाराचा, एकाच रंगाचा, ठरल्या गिऱ्हाइकासाठी प्रत राखून कांदा पिकवायचा उद्योग मांडायला कोण धजावेल? चार वर्षं खपून गिऱ्हाईक बांधावं आणि एका रात्रीच्या अधिसूचनेनं ते तुटावं, हे एकदा सोसलेला माणूस दुसऱ्यांदा भांडवल घालत नाही. त्यात आळस नाही, अनुभवातून आलेलं शहाणपण आहे.

सरकारची बाजूही समजून घेतली पाहिजे. द्राक्षाशिवाय कुणाचं घर अडत नाही, कांद्यावाचून अडतं. शंभर रुपये किलोचा कांदा घेताना मजूर बाईचा हात थबकतो, हे खरं दुःख आहे. पण त्याचं ओझं दरवेळी त्याच एका शेतकऱ्याच्या डोक्यावर का, हा प्रश्न शेतकरी संघटनेच्या शरद जोशींनी विचारला होता. स्वित्झर्लंडमधली नोकरी सोडून चाकणजवळ आंबेठाणला कोरडवाहू जमीन कसणाऱ्या या माणसाचं १९८० च्या सुमाराचं पहिलं मोठं आंदोलन कांद्याचंच होतं. पुढे जागतिक व्यापार खुला करणाऱ्या डंकेल प्रस्तावाला बहुतेक शेतकरी नेते विरोध करत असताना त्यांनी उघड पाठिंबा दिला. शेतकऱ्याला सूट-सबसिडी नको, बाजाराचं आणि तंत्रज्ञानाचं स्वातंत्र्य द्या, हे ते सांगत राहिले. त्यांच्या सगळ्या मतांशी मी सहमत नाही. या बाबतीत मात्र ते बरोबर होते असं मला वाटतं.

द्राक्षाच्या अंगणात पुढे अजून काय काय फुललं. नाशिकला राजीव सामंत यांची सुला वायनरी उभी राहिली, २००१ च्या राज्य धोरणानं वाइनला बळ मिळालं. मोहाडीला विलास शिंदे यांच्या पुढाकारानं सह्याद्री ही शेतकऱ्यांची कंपनी झाली आणि परदेशी पैदासकारांना स्वामित्वशुल्क भरून तिनं ‘आरा’सारखे वाण आणले. कोणे एके काळी थॉमसनच्या बागेतून वेगळी वेल हेरणारा शेतकरी आज वाणाचं शुल्क भरतो आहे, ही लहान गोष्ट नाही. पण सगळं गोड आहे असंही नाही. अवकाळी पावसानं, डाउनी रोगानं, वाढत्या खर्चानं कित्येकांनी बागा तोडल्या. २०२३ च्या अखेरीपासून तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे जहाजं आफ्रिकेला वळसा घालू लागली आणि प्रवासाचे दिवस वाढले. खुल्या बाजारात जगाचं दुखणंही आपल्या दारात येतं.

मागच्या हंगामात एका बागाईतदाराच्या ओसरीवर बसलो होतो. घरात कांदाही आहे, द्राक्षही. त्यांनी फडताळातून वह्यांचा गठ्ठा काढला. पंधरा वर्षांच्या. प्रत्येक फवारणीची तारीख, औषध, मात्रा, त्या दिवशीचं तापमान, छाटणीपासूनचा दिवस. काही पानांवर औषधाचे डाग, एका पानावर मुलीनं काढलेलं फूल. मी विचारलं, कांद्याची वही?

त्यांनी गठ्ठ्याला पुन्हा सुतळी बांधली. म्हणाले, “ती नाही ठेवली. लिहून दाखवू कुणाला?”