लपवायचं किती?

मागच्या महिन्यात महिला मंडळाच्या कामासाठी अमरावतीहून अकोल्याला गेले होते. कार्यक्रम आटोपल्यावर एक बाई जवळ येऊन बसली. पन्नाशीची, शेतात राबणारी. इकडेतिकडे पाहून हळूच म्हणाली, "ताई, एक दाखवू काय? हासान तर नाही ना?"

पदराआडून तिने एक लहानशी गोल उशी काढली. स्तनाच्या कॅन्सरमुळे तिचं ऑपरेशन झालेलं. घरच्या कापसाची ही उशी तिने स्वतःच शिवली होती. नुसता कापूस हलका, पोलकं वर सरकते, म्हणून आत मूठभर ज्वारी! "गाठ दुखे नाही, अन् लाजही वाटे. वर्षभर कोनाले बोललीच नाही," ती म्हणाली. ही उशी तिने सुनेलाही दाखवलेली नव्हती.

घरी आले तरी ती उशी डोळ्यांपुढून जाईना. मुंबईत कला शिकणाऱ्या लेकीला फोनवर सांगितलं. ती म्हणाली, "आई, तू रुम्माना हुसेन यांचं काम बघ."

रुम्माना १९५२ साली बंगळूरला जन्मल्या. मुंबईत त्या चित्रं काढत. १९९२ च्या डिसेंबरात बाबरी मशीद पाडली गेली, मुंबईत दंगली उसळल्या, आणि त्यांना नुसता कॅनव्हास पुरेना. मग मांडणशिल्प, व्हिडिओ आणि स्वतःचं शरीर हीच त्यांची भाषा झाली. याला म्हणतात परफॉर्मन्स आर्ट. मी बी.ए. झालेली, पण मला हे नवंच!

१९९५ मध्ये मुंबईच्या एनसीपीएत त्यांनी 'लिव्हिंग ऑन द मार्जिन्स' सादर केलं. पायांत घुंगरू, हातात अर्धी चिरलेली पपई, तोंड उघडं, पण आवाज नाही. त्या नुसत्या चालत राहतात. कॅमेऱ्याने टिपलं म्हणून ते आज पाहता येतं. आधी वाटलं, यात कसली कला? पपई तर आपण नेहमीच चिरतो. मग कळलं, ती पपई म्हणजे बाईचंच पोट आहे. आणि ते उघडं तोंड म्हणजे बाहेर न पडलेली किंकाळी. किती घरांत पाहिली आहे मी ती!

पुढे रुम्मानांनाही स्तनाचा कॅन्सर झाला. १९९८ च्या 'इज इट व्हॉट यू थिंक?' मध्ये शस्त्रक्रियेनंतरचा कृत्रिम स्तन त्यांनी प्रेक्षकांपासून लपवला नाही. मुसलमान बाईबद्दल, तिच्या शरीराबद्दल लोक जे गृहीत धरतात, तेच प्रश्न त्यांनी समोर ठेवले. १९९९ मध्ये त्या गेल्या. त्याच वर्षीची त्यांची मांडणी होती 'अ स्पेस फॉर हीलिंग'. दवाखाना आणि इबादतीची जागा एकत्र वाटावी अशी!

मैत्रिणींनो, सगळ्यांनी चारचौघांत उघडं व्हावं असं मी म्हणत नाही. सिलिकॉनचे तयार कृत्रिम स्तन मिळतात, तेही बऱ्याच जणींना ठाऊक नसतं. पण खरा घात करते ती गाठीबद्दलची चुप्पी. सुरुवातीची गाठ बहुतेक वेळा दुखतच नाही, म्हणून आपण गप्प बसतो. हाताला गाठ लागली, की त्याच आठवड्यात डॉक्टरांना दाखवा. एकटीला जाणं जड वाटलं, तर जावेला, नणंदेला, शेजारणीला सोबत घ्या.

हे लिहिण्याआधी अकोल्याच्या त्या बाईला विचारलं. म्हणाली, "नाव नका लिहू ताई. पन गाठीचं लिहा."