कामगार, युद्ध आणि मत



भोसरीत कारखान्याच्या फाटकावर सभा घेताना एक गोष्ट मी पुष्कळदा पाहिली आहे. पगारवाढीच्या मागणीला झाडून सारे हात वर होतात; पण पुढे निवडणूक आली की तेच हात युनियन सांगेल त्या चिन्हावर पडतीलच असे नाही. मग आपण कार्यकर्ते ‘कामगार फितला’ असे म्हणून मोकळे होतो. हा निकाल किती उतावीळ आहे, हे मला शंभर वर्षांपूर्वीच्या एका पोटनिवडणुकीने शिकवले.

वेल्समधील मर्थर हा कोळशाच्या खाणींचा मतदारसंघ. 1900 पासून तेथून ब्रिटिश पार्लमेंटात जाणारा खासदार म्हणजे केर हार्डी. 1907 साली हिंदुस्थानात येऊन आपल्या स्वराज्याची बाजू घेणारा मजूर पुढारी तो हाच. 1914 च्या ऑगस्टात महायुद्ध सुरू झाले. हार्डीने त्याला विरोध केला, तेव्हा अबरडेअर येथे, त्याच्याच मतदारसंघात, त्याची सभा उधळली गेली. उधळणाऱ्यांचा म्होरक्या चार्ल्स स्टँटन हा खाण कामगारांचाच लढाऊ पुढारी होता!

26 सप्टेंबर 1915 रोजी हार्डी वारला. युद्धकाळात रिकामी झालेली जागा ज्या पक्षाची, त्याच्याकडेच राहू द्यावी, असा मोठ्या पक्षांचा समझोता होता. त्यामुळे मजूर पक्षाचा अधिकृत उमेदवार, खाण कामगारांचा नेता जेम्स विन्स्टन, सहज निवडून यावा. पण स्टँटन युद्धाच्या बाजूने स्वतंत्र उभा राहिला. नोव्हेंबरातील मतदानात स्टँटनला 10,286 आणि विन्स्टनला 6,080 मते पडली.

आता गंमत पाहा. त्याच वर्षीच्या जुलैत दक्षिण वेल्समधील सुमारे दोन लाख खाण कामगारांनी युद्धकाळातील संपबंदीचा कायदा धुडकावून संप केला होता. सरकारला नमते घ्यावे लागले आणि लॉइड जॉर्ज स्वतः तडजोडीसाठी कार्डिफला गेला. जुलैत सरकारला नमवणारा कामगार नोव्हेंबरात सरकारच्या युद्धाला मत कसा देतो?

स्टँटनची सारी मते कामगारांची नव्हती, हे खरे. लिबरल व हुजूर पक्षांचे उमेदवारच नव्हते. त्यांची मतेही त्याच्याकडे वळली. पण तेवढ्याने उत्तर पुरे होत नाही. खाणीत उतरणाऱ्याचा भाऊ वा मुलगा आघाडीवर होता. मजुरीसाठी मालकाशी भांडणे आणि आघाडीवरच्या मुलाची काळजी वाहणे, या दोन्ही गोष्टी एकाच मनात सुखाने नांदत होत्या. स्टँटन त्या दुसऱ्या गोष्टीविषयी मोकळेपणाने बोलला. विन्स्टन स्वतः युद्धाच्या आड येणारा नव्हता, तरी युद्धविरोधी सहकाऱ्यांमुळे त्याच्यावर तो शिक्का बसला.

पुढे 1922 साली त्याच अबरडेअरने स्टँटनला पाडून मजूर पक्षाला निवडून दिले. युद्ध सरले होते. भाकरीचा प्रश्न उरला होता.

आपल्याकडे 1921 साली ना. म. जोशी कामगारांच्या वतीने मध्यवर्ती कायदेमंडळात गेले ते सरकारी नेमणुकीने. कामगाराच्या मताने नव्हे. आज कंत्राटी हेल्परलाही मत आहे. ते युनियनच्या वर्गणीबरोबर आपोआप मिळत नाही. देश, जात, गाव, घर यांविषयी कामगाराच्या मनात जे चालते, त्यावर आपण गप्प राहिलो, तर दुसरा कोणी बोलेल. आणि मत तोच घेऊन जाईल.