जिप्सी: गाडी, कविता आणि माणसं

ताडोब्याला गेलं की आपण जिप्सी बुक करतो. पाडगावकरांचा 'जिप्सी' हा संग्रह वाचलेल्या मराठी माणसाच्या मनात तर हा शब्द कायमचा मोकळ्या भटक्याचा होऊन बसला आहे. ना घर, ना दार, ना कसली फिकीर. ज्यांच्यावरून तो आला त्या माणसांना मात्र युरोपात बहुतेक ठिकाणी तो शिवीसारखा टोचतो. ब्रिटनमधले काही जण अभिमानानं स्वतःला जिप्सी म्हणवतात, पण तो अपवाद. बाकीच्यांतले बरेच जण स्वतःला 'रोम' म्हणतात, अनेकवचनी 'रोमा', आणि त्यांच्या भाषेत रोम म्हणजे आपल्यातला पुरुष, नवरा.

शब्दाच्या पोटातच पहिली चूक आहे. पंधराव्या शतकात ही मंडळी पश्चिम युरोपात पोचली, तेव्हा 'लहान इजिप्त'मधून आलेले यात्रेकरू अशी ओळख त्यांनी सांगितली. त्यावरून लोकांनी त्यांना इजिप्शियन ठरवलं आणि त्याचंच पुढे जिप्सी झालं. खरा पत्ता सापडला तो १७८०च्या दशकात, जर्मन अभ्यासकांनी त्यांची भाषा तपासली तेव्हा. त्या भाषेत, म्हणजे रोमानीत, आकडे मोजून बघा: येक, दुई, त्रिन, श्तार, पांज, शोव. पाणी म्हणजे पानी, माणूस म्हणजे मानुष, नाक आणि कान तर जवळपास जसेच्या तसे. सातला मात्र आपली वाट सुटते. एफ्ता, ओख्तो, एन्या हे तिन्ही आकडे ग्रीक, आणि दहाला पुन्हा घरी येऊन 'देश'. रस्त्याला म्हणतात 'द्रोम', तोही ग्रीक. घोड्याला 'ग्रास्त', तो आर्मेनियन. उत्तर भारतातून निघालेली माणसं इराण, आर्मेनिया, मग ग्रीक मुलूख असं करत गेली, हे त्यांच्या बोलण्यातूनच कळतं. जनुकीय अभ्यासानंही वायव्य भारताकडेच बोट दाखवलं.

इथे आपली छाती फुगते. म्हणजे ते आपले बंजारे, नाहीतर राजपूत! सबूर. एखाद्या विशिष्ट जातीशी असं नातं जोडायला ठोस पुरावा नाही. मराठीशी तर फारच लांबची सोयरीक आहे. आपण तो-ती-ते घट्ट धरून ठेवलं, रोमानीतलं नपुंसकलिंग केव्हाच गळून पडलं.

आता भटकंतीचं. 'त्यांच्या रक्तातच भटकणं' हे वाक्य इतकं रुळलंय की त्यात काही चुकीचं आहे असं वाटतही नाही. पण १३८५ साली वालाकिया संस्थानात, म्हणजे आजच्या रुमानियात, एका मठाला दान दिल्याची नोंद आहे. दानात चाळीस रोमा कुटुंबं! राजे, सरदार आणि मठ ह्यांच्या मालकीचे गुलाम म्हणून हे लोक तिथे जवळजवळ पाचशे वर्षं राबले. सुटका झाली ती १८५५-५६ मध्ये. इंग्लंडमध्ये उलटा प्रकार. १५३० च्या कायद्यानं त्यांना देशाबाहेर हाकललं, १५५४ मध्ये न जाणाऱ्याला मृत्युदंड लावला. एकीकडे वेठीला बांधून ठेवायचं, दुसरीकडे उभं राहू द्यायचं नाही आणि वर 'ह्यांना फिरायची हौस' म्हणायचं. आज युरोपातले बहुसंख्य रोमा पक्क्या वस्तीत राहतात.

आणखी एक घोळ इथेच निस्तरू. आयर्लंडचे 'ट्रॅव्हलर्स' हे रोमा नव्हेत. ते मुळातले आयरिशच. भाषा वेगळी, मूळ वेगळं; २०१७ मध्ये आयर्लंडनं त्यांना स्वतंत्र वांशिक गट म्हणून मान्यता दिली. सारखं काय असेल तर शेजाऱ्यांचा संशय.

हिटलरच्या छळछावण्यांत ज्यूंबरोबर रोमाही मारले गेले. अंदाज दोन लाखांपासून पाच लाखांपर्यंत जातात. २ ऑगस्ट १९४४ च्या रात्री आउशवित्झमधला त्यांचा अख्खा विभाग रिकामा केला गेला, गॅस चेंबरमध्ये. युद्धानंतर भरपाईचा प्रश्न आला, तेव्हा १९५६ मध्ये पश्चिम जर्मनीच्या सर्वोच्च दिवाणी-फौजदारी न्यायालयानं सांगितलं की १९४३ पूर्वीची कारवाई वंशद्वेषातून नव्हे, गुन्हेगारी प्रवृत्तीच्या बंदोबस्तासाठी होती. हा वंशसंहार होता हे सरकारनं कबूल केलं १९८२ साली.

सगळ्यांत चिवट गैरसमज मुलं पळवण्याचा. ऑक्टोबर २०१३. ग्रीसमधल्या फार्साला गावाजवळच्या रोमा वस्तीत पोलिसांना एक सोनेरी केसांची चिमुरडी दिसली. आईबाप सावळे, पोर गोरी! जगभर बातमी झाली, जोडप्यावर अपहरणाचा ठपका आला. डीएनए तपासला तर तिची आईही रोमाच निघाली, बल्गेरियातली, गरिबीमुळे पोर ह्यांच्याकडे सोडून गेलेली. त्याच आठवड्यात आयर्लंडमध्ये पोलिसांनी दोन रोमा घरांतून दोन गोरी मुलं उचलली. दोन्ही त्यांचीच ठरली, परत करावी लागली. मुलं पळवली गेली हे खरंच आहे, फक्त पळवणारे दुसरे होते. स्वित्झर्लंडमध्ये एका बालकल्याण संस्थेनं सरकारी पाठबळावर १९२६ ते १९७३ ह्या काळात येनिश नावाच्या फिरस्त्या समाजाची सुमारे सहाशे मुलं आईबापांपासून तोडून परक्या घरांत आणि अनाथाश्रमांत टाकली. उद्देश, त्यांना 'सुधारणं'.

हे वाचून युरोपला नावं ठेवायची घाई नको. इंग्रजांच्या १८७१ च्या कायद्यानं आपल्याकडच्या कित्येक जमाती जन्मतःच गुन्हेगार ठरवल्या. कायदा गेला, पण सोलापुरात ज्या भागात त्यांना तारेच्या कुंपणात डांबलं होतं, त्याला अजून सेटलमेंटच म्हणतात. आणि १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्याच्या बाजारात भिक्षा मागायला आलेल्या नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावानं ठेचून मारलं. मोबाइलवर अफवा फिरत होती, मुलं पळवणारी टोळी आली आहे.