पाळत आणि पाठबळ

आठवड्यातून पाच वेळा अधिकारी समोर येऊन भेटणार. कधी घरी, कधी कामावर, कधी न सांगता. ठरलेल्या वेळेनंतर घराबाहेर पडायचं नाही. नोकरी सोडायची नाही. दारू किंवा अमली पदार्थ घेतले का, याची तपासणी केव्हाही होणार. शिवाय १३२ तास सार्वजनिक काम करायचं, तेही मोबदल्याविना. अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्याने १९८२ मध्ये सुरू केलेल्या ‘इंटेन्सिव्ह प्रोबेशन’च्या, म्हणजे कडक देखरेखीखालच्या परिविक्षेच्या, या अटी होत्या. तुरुंगांत जागा उरली नव्हती आणि गुन्हेगारांना मोकळं सोडलं असंही दिसायला नको होतं. त्यातून हा मधला मार्ग निघाला. एक परिविक्षा अधिकारी, त्याच्या जोडीला पाळत ठेवणारा दुसरा, आणि दोघांकडे मिळून अवघी २५ माणसं.

जॉर्जियाचं पाहून इतर राज्यांनीही हा मार्ग धरला. मग रँड या संशोधन संस्थेच्या जोन पीटरसिलिया आणि सुझन टर्नर यांनी १४ ठिकाणच्या अशा योजना तपासल्या. कोणाला कडक देखरेखीत घालायचं आणि कोणाला नेहमीच्या, हे चिठ्ठ्या टाकाव्यात तसं ठरवलं गेलं, म्हणून १९९३ मध्ये प्रसिद्ध झालेले त्यांचे आकडे सहज बाजूला सारता येत नाहीत. वर्षभरात कडक देखरेखीतल्या ३७ टक्के लोकांना पुन्हा अटक झाली, नेहमीच्या गटातल्या ३३ टक्क्यांना. अटी मोडताना सापडलेल्यांचं प्रमाण मात्र ६५ विरुद्ध ३८ टक्के. जितकं अधिक पाहिलं, तितकं अधिक सापडलं, आणि तुरुंग टाळण्यासाठी काढलेल्या योजनेतूनच माणसं तुरुंगात गेली. याच अभ्यासात आणखी एक गोष्ट दिसली. ज्यांनी व्यसनमुक्तीचे उपचार घेतले, काम धरलं, त्यांच्यात पुन्हा गुन्हा करण्याचं प्रमाण १० ते २० टक्क्यांनी कमी होतं.

परिविक्षेचा जन्म मुळात अशाच आधारातून झाला आहे. बोस्टनमध्ये बूट तयार करणारा जॉन ऑगस्टस १८४१ मध्ये तिथल्या पोलीस कोर्टात बसला असताना एका दारुड्याला समोर आणलं गेलं. ऑगस्टसने त्याला जामीन राहून सोडवलं आणि दारू सोडण्याची शपथ घ्यायला लावली. तीन आठवड्यांनी तो माणूस शुद्धीत, नीटनेटका कोर्टात आला, आणि न्यायाधीशाने एक सेंट दंड आणि कोर्टाचा खर्च एवढ्यावर प्रकरण मिटवलं. पुढे १८५९ मध्ये मृत्यू येईपर्यंत ऑगस्टस हेच करत राहिला. जामिनावर सुटलेल्यांना तो काम शोधून देई, राहायला जागा मिळवून देई. मॅसॅच्युसेट्सने पगारी परिविक्षा अधिकारी नेमायचा कायदा केला तो १८७८ मध्ये.

आपल्याकडे मुंबई प्रांताचा परिविक्षा कायदा १९३८ सालचा, आणि देशाचा १९५८ चा. फाशी किंवा जन्मठेपेची शिक्षा नसलेल्या गुन्ह्यात दोषी ठरलेल्याला न्यायालय चांगल्या वर्तणुकीच्या बंधपत्रावर, जास्तीत जास्त तीन वर्षांसाठी, सोडू शकतं. गुन्हेगार २१ वर्षांखालचा असेल, तर अशा गुन्ह्यात त्याला कैदेत पाठवण्यापूर्वी न्यायाधीशाला अधिकाऱ्याचा अहवाल मागवावा लागतो आणि पाठवायचंच ठरवलं तर कारणं लिहावी लागतात. या कायद्याचं १४ वं कलम मुद्दाम वाचण्यासारखं आहे. देखरेखीबरोबरच, गरज असेल तिथे त्या माणसाला योग्य काम मिळवून देण्याचा प्रयत्न करणं, हेही त्यात अधिकाऱ्याचं कर्तव्य म्हणून लिहिलेलं आहे. रँडच्या आकड्यांतून जे पुढे आलं, ते आपल्या संसदेने ३५ वर्षं आधीच कलमात घातलं होतं.

सर्वोच्च न्यायालयानेही हा कायदा उदारपणे वाचला. पंजाबातल्या सोळा वर्षांच्या एका मुलाला सहा महिने सक्तमजुरी झाली, तेव्हा हा कायदा त्याच्या भागात लागूच झालेला नव्हता. तरी १९६४ मध्ये न्यायालयाने सांगितलं की वरच्या कोर्टाला अपिलात त्याचा लाभ देता येतो.

महाराष्ट्रात परिविक्षा अधिकारी महिला व बाल विकास विभागाकडे आहे. गृह खात्याकडे किंवा तुरुंगाकडे नाही. ही मांडणी योग्यच आहे. अहवालासाठी तो आरोपीच्या वस्तीत जातो. घरची स्थिती, शिक्षण, कामधंदा, शेजारपाजाऱ्यांचं मत, गुन्हा कोणत्या परिस्थितीत घडला, हे सारं विचारून लिहितो. दोन-चार पानांच्या या कागदावर एखाद्याची पुढची तीन वर्षं घरी जायची की कोठडीत, हे ठरू शकतं. तो घाईत, चार ठोकळेबाज वाक्यांत उरकला तर कायद्यातली सगळी माया कोरडी राहते. म्हणून या पदांवर माणसं भरणं आणि एकेकाकडे पेलतील इतकीच प्रकरणं देणं ही चैन समजू नये. जॉर्जियाकडून घ्यायचंच तर २५ माणसांचा तो हिशेब घ्यावा.

१ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेने समाजसेवा ही शिक्षाही दिली आहे. पाच हजार रुपयांपेक्षा कमी किमतीची पहिली चोरी, वस्तू किंवा तिची किंमत परत केलेली, अशा वेळी ती द्यायची आहे. ही सेवा कुठे आणि कोणाच्या नजरेखाली करायची, याची घडी मात्र नीट बसवावी लागेल.

आपल्या घरातलं, ओळखीतलं एखादं पोर पहिल्याच गुन्ह्यात दोषी ठरलं, तर शिक्षा सुनावली जाण्याआधी वकिलाला एवढं जरूर सांगा: परिविक्षा अधिकाऱ्याचा अहवाल मागवण्याचा अर्ज द्या. या कायद्याखाली सुटलेल्याला, १२ व्या कलमानुसार, त्या दोषसिद्धीमुळे कायद्याने येणारी अपात्रता लागत नाही.