फेरारी २५० जीटीओ : घडण, रचना, मोल आणि कीर्ती

घडण : इटलीतील माराणेल्लो येथे ज्योत्तो बिझ्झारिनी यांनी आरंभिलेले या गाडीचे काम, १९६१च्या अखेरीस ते व इतर वरिष्ठ अधिकारी कारखाना सोडून गेल्यावर, मॉरो फोर्गिएरी या अवघ्या २६ वर्षांच्या अभियंत्याने सिद्धीस नेले. जीटी शर्यतींच्या नियमाने १०० गाड्यांची अट असताही, ही पूर्वीच्या २५० जीटीचीच सुधारित आवृत्ती होय अशी दफ्तरी मंजुरी मिळाल्याने १९६२ ते १९६४ या काळात केवळ ३६ गाड्या घडल्या.

रचना : ३ लिटरचे, १२ सिलिंडरांचे, ६ वेबर कार्ब्युरेटरांचे इंजिन सुमारे ३०० अश्वशक्ती देई. वरील मंजुरीमुळे मागील अखंड अॅक्सल कायम ठेवणे प्राप्त असल्याने, तो वळणावर बाजूस सरकू नये यासाठी वॅट-जोडणीची तजवीज केली होती. आणि वेगात मागची चाके रस्त्याला धरून राहावीत म्हणून शेपटीवर उभट पट्टी बसविली होती.

मोल : अमेरिकेत नव्या गाडीची किंमत सुमारे १८,००० डॉलर होती, तर २०१८मध्ये माँटेरे येथील लिलावात एका गाडीला ४ कोटी ८४ लाख डॉलर मिळाले.

कीर्ती : १९६२, १९६३ व १९६४ अशी सलग ३ वर्षे मोठ्या जीटी गाड्यांच्या वर्गातील निर्मात्यांचे जागतिक विजेतेपद फेरारीस लाभले, ते मुख्यत्वे हिच्याच बळावर.