यंत्र अंग काढून घेते तेव्हा

विमानाने जमीन सोडल्यावर थोड्याच वेळात त्याचा बहुतेक कारभार ऑटोपायलटकडे सुपूर्द होतो, आणि समुद्र, पर्वत व रात्र ओलांडीत ती यंत्रणा ठरल्या मार्गाने, ठरल्या उंचीवरून विमान नेत राहते, हे सामान्य प्रवाशाला सहसा ठाऊक नसते. ही यंत्रणा मोठी इमानी खरी. परंतु तिची सारी मदार तिला मिळणाऱ्या खबरीवर असल्यामुळे, त्या खबरीच परस्परविरोधी येऊ लागल्या की ती निवाडा करीत बसत नाही, इशारा देऊन अंग काढून घेते आणि सारी जबाबदारी माणसाच्या माथी येते.

३१ मे २००९ च्या सायंकाळी रिओ दि जानेरोहून पॅरिसकडे निघालेल्या एअर फ्रान्सच्या ४४७ क्रमांकाच्या उड्डाणावर हाच प्रसंग ओढवला. समोरून येणाऱ्या हवेचा दाब घेऊन वेग मोजण्यासाठी विमानाच्या नाकापाशी ‘पिटो’ नावाच्या तीन नळ्या असतात. अटलांटिकवर, ३५,००० फुटांच्या उंचीवर, ढगांतील हिमकणांनी त्या तुंबल्या, वेगाचे आकडे एकमेकांशी जुळेनासे झाले आणि ऑटोपायलट सुटला. मुख्य वैमानिक विश्रांतीस गेले होते. उजव्या आसनावरील वैमानिकाने विमान ताब्यात घेतल्याचे सांगितले आणि नियंत्रणाची दांडी मागे ओढली.

नाक वर गेले, विमान सुमारे ३८,००० फुटांपर्यंत चढले आणि त्या चढणीत त्याचा वेग खर्ची पडला. पंख येणाऱ्या हवेशी फार मोठा कोन करू लागला की हवेचा प्रवाह त्याच्या पाठीवरून सुटतो व विमान तोलून धरणारी शक्ती लोप पावते. यालाच ‘स्टॉल’ म्हणतात, आणि त्यावरचा उपाय म्हणजे नाक खाली करणे. परंतु खाली पडणाऱ्या माणसाचा हात स्वभावतःच वर जाऊ पाहतो. त्यात आणखी एक दुर्दैव असे, की वेगाचे माप अतिशय उतरल्यावर संगणक ते अग्राह्य ठरवीत व स्टॉलचा इशारा थांबे, आणि नाक किंचित खाली येताच तो पुन्हा सुरू होई. जणू योग्य कृतीलाच दूषण मिळत होते. वस्तुतः वेगाचे आकडे सुमारे मिनिटभरात पूर्ववत झाले होते आणि इंजिने अखेरपर्यंत चालू होती. तरीही २२८ माणसांसह ते विमान समुद्रात कोसळले.

अशा वेळी करावयाचे ते फारच थोडे असते. वेगाचा भरवसा नसला तरी विमानाची क्षितिजाशी असलेली स्थिती व इंजिनांची शक्ती दिसत असते. या दोहोंची ठराविक सांगड घातली की वेग आपोआप मर्यादेत राहतो. वैमानिकांचा जुना दंडकही हाच आहे, की आधी विमान उडते ठेवावे, मग वाट शोधावी आणि त्यानंतर नियंत्रण-कक्षाशी बोलावे. होकायंत्र, रेडिओचे मार्गदर्शक व नकाशा यांची पाळी पहिले काम साधल्यावर येते.

हा संयम पुस्तकी पाठांतराने अंगी येत नाही. जुलै २०१२ च्या फ्रेंच चौकशी-अहवालात असे नमूद आहे, की त्या वैमानिकांना एवढ्या उंचीवर हाताने विमान सांभाळण्याचे शिक्षणच मिळालेले नव्हते. जानेवारी २०१३ मध्ये अमेरिकेच्या विमान-प्रशासनानेही कंपन्यांना, योग्य प्रसंगी वैमानिकांना स्वहस्ते उड्डाण करू द्यावे, अशी शिफारस केली. ज्या रात्री यंत्र अंग काढून घेईल ती आगाऊ कळत नसल्यामुळे, ते बिनतक्रार चालते अशा साध्या, निर्वेध दिवसांतच हाताचा सराव राखणे भाग आहे.